तीन दिवसांची बस, दऱ्यांचा मुलूख आणि मुसाफिराची नमाज

अमेरिकेत नोकरीनिमित्त राहणारी आपली मुले-मुली आता आई-वडिलांना दोन-चार महिन्यांसाठी तिकडे बोलावून घेतात. पहिले पंधरा दिवस नातवंडांच्या कौतुकात जातात. मग मुलगा-सून कामाला, नातवंडे शाळेला आणि अम्मी-अब्बा दिवसभर खिडकीशी. रस्त्यावर माणूस दिसत नाही, गाडीशिवाय दुकानही गाठता येत नाही. अशा वेळी मुले एक दिवस सांगतात, "तुमच्यासाठी तीन दिवसांची बसची सहल बुक केली आहे, ग्रँड कॅनियन पाहून या." लगेच अम्मी-अब्बांच्या मनात प्रश्नांची रांग लागते. नमाज कुठे पढायची? खायचे काय? गुडघे साथ देतील का? आणखी एक प्रश्न असतो, तो मुलांना उघडपणे विचारला जात नाही. नुसते डोंगर-दऱ्या पाहण्यासाठी एवढा पैसा घालवणे हा इसराफ तर नाही?

आम्ही पती-पत्नींनी मागे एका ऑक्टोबरमध्ये अशी सहल केली. त्या अनुभवावरून आणि त्यासाठी केलेल्या तयारीवरून या महिन्याचा लेख लिहीत आहे.

इसराफचा प्रश्न आधी घेऊ. हज फर्ज झाला असेल तर आधी हज, डोक्यावर कर्ज असेल तर आधी कर्ज, यात दुमत नाही. पण ज्यांची ही जबाबदारी पार पडली आहे, त्यांच्यासाठी प्रवास ही वायफळ गोष्ट ठरत नाही. कुरआनात माणसाला जमिनीवर फिरण्याचे आवाहन वारंवार आले आहे, आणि त्यासोबत पाहण्याचेही. निर्मितीचा आरंभ कसा झाला ते पाहा, आधीच्या लोकांचा शेवट काय झाला ते पाहा, असा तो रोख आहे. म्हणजे फिरणे हे साधन आणि पाहणे हा हेतू. बस आपल्याला दरीच्या काठापर्यंत नेते. पाहण्याचे काम मात्र आपले आपल्यालाच करावे लागते. ते झाले तर पैसा वसूल, नाही तर फोनमध्ये चारशे फोटो आणि दुखणारी कंबर.

सहल असते कशी

बहुतेक सहली लास वेगासहून निघतात, काही लॉस एंजेलिसहून. नेहमीचा मार्ग असा: लास वेगासहून युटा राज्यातील झायन, तिथून ब्राइस कॅनियन, मग अॅरिझोनातील पेज हे छोटे शहर, तिथे अँटिलोप कॅनियन आणि हॉर्सशू बेंड, शेवटी ग्रँड कॅनियन आणि परत. नकाशावर जवळ वाटणारी ही ठिकाणे प्रत्यक्षात लांब आहेत. लास वेगास ते झायन सुमारे २६० किलोमीटर, आणि ग्रँड कॅनियनचा दक्षिण काठ ते लास वेगास सुमारे ४५०. सकाळी सहा-सात वाजता बस सुटते आणि मुक्कामाला पोहोचेपर्यंत रात्र होते. प्रत्येक ठिकाणी उतरायला मिळतो तास-दीड तास. ही गोष्ट आधीच मनाशी मान्य केली की चिडचिड होत नाही.

बुकिंग करताना मुलांनी एक गोष्ट नीट तपासावी. "ग्रँड कॅनियन" या नावाखाली दोन वेगळी ठिकाणे विकली जातात. एक राष्ट्रीय उद्यानातील दक्षिण काठ, म्हणजे साउथ रिम. दुसरा वेस्ट रिम, जिथे २००७ साली उघडलेला काचेचा पूल आहे. ती जागा राष्ट्रीय उद्यानात येत नाही. ती हुआलपाई या मूळ रहिवासी जमातीच्या मालकीची आहे आणि तिथले तिकीट वेगळे असते. वेस्ट रिम लास वेगासला बराच जवळ असल्याने स्वस्त सहलींत तोच असतो. दोन्ही ठिकाणे पाहण्यासारखी आहेत, पण कुठे जात आहोत ते माहीत असावे.

खर्चाचेही तसेच. जाहिरातीतल्या भाड्यात उद्यानांची प्रवेश फी, अँटिलोप कॅनियनचे तिकीट, गाइड व चालकाची दररोजची बक्षिशी हे बहुधा धरलेले नसते. त्यात २०२६ पासून झायन, ब्राइस आणि ग्रँड कॅनियनसह ११ राष्ट्रीय उद्यानांत अमेरिकेचे रहिवासी नसलेल्या पर्यटकांवर नेहमीच्या फीखेरीज माणशी १०० डॉलरचा जादा आकार लागू झाला आहे. भारतातून गेलेले आई-वडील यात येतात. म्हणून "सगळे धरून किती?" हा प्रश्न लेखी विचारून घ्यावा.

लास वेगासमधील मुक्कामाबद्दलही बोलले पाहिजे. तिथल्या मोठ्या हॉटेलांत खोलीकडे जायची वाट जुगाराच्या दालनातून जाते. आपल्या मंडळींना ते नकोसे होते, आणि ते रास्तच आहे. त्या शहरात जुगारखाना नसलेली हॉटेलेही आहेत. मुलांनी तशी खोली शोधून द्यावी. हॉटेल कंपनीच ठरवत असेल तर हा प्रश्न बुकिंगआधी विचारावा.

घड्याळ, किब्ला आणि वुजू

या सहलीत नमाजची खरी अडचण जागेची नसून घड्याळाची आहे. मार्च ते नोव्हेंबर या काळात अमेरिकेत घड्याळे एक तास पुढे केली जातात. नेवाडा आणि युटा तसे करतात, अॅरिझोना करत नाही. त्यामुळे उन्हाळ्यात लास वेगास आणि पेज यांची वेळ एकच असते, मधल्या झायन-ब्राइसची एक तास पुढे. गंमत म्हणजे अॅरिझोनाच्या आत असलेला नावाहो लोकांचा प्रदेश घड्याळे पुढे करतो, पण पेजजवळच्या अँटिलोप कॅनियनच्या फेऱ्या अॅरिझोनाच्या वेळेनेच चालतात. पेज हे राज्याच्या सीमेलगत असल्याने फोन कधी या बाजूचा टॉवर पकडतो, कधी त्या बाजूचा, आणि वेळ आपोआप बदलतो. नमाजच्या वेळा आणि बसची वेळ दोन्ही चुकू शकतात. उपाय सोपा आहे. हातात साधे घड्याळ ठेवावे, बस निघण्याची वेळ गाइडला विचारून त्याच्या घड्याळाशी जुळवावी, आणि प्रत्येक मुक्कामाच्या गावाचे नमाजचे वेळापत्रक घरूनच कागदावर लिहून न्यावे. दऱ्यांच्या भागात अनेक ठिकाणी फोनला रेंज नसते.

दरीत आणखी एक फसगत होते. झायनचे कडे इतके उंच आहेत की सूर्य संध्याकाळच्या बराच आधी कड्याआड जातो आणि खाली सावली पसरते. तो सूर्यास्त नव्हे. मगरिब वेळापत्रकानेच धरावी. जून-जुलैत तिथे सूर्य रात्री पावणेनऊच्या सुमारास मावळतो, हेही ध्यानात ठेवावे.

किब्ल्याबाबत आपल्या पायांना लागलेली सवय तिथे मोडावी लागते. महाराष्ट्रात आपण पश्चिमेकडे तोंड करून उभे राहतो. या भागातून मक्केची सर्वांत जवळची दिशा उत्तरेकडून थोडी पूर्वेला, म्हणजे उत्तर आणि ईशान्य यांच्या मधोमध येते. फोनमधील होकायंत्र इंटरनेटशिवायही चालते, ते वापरायला मुलांकडून शिकून घ्यावे.

कसर आणि जमाची गोष्ट आपापल्या मसलकप्रमाणे. घाटावरची आपली बहुतेक घरे हनफी, कोकणातली शाफई. मुलाकडे महिनोन्‌महिने राहणारे आई-वडील तिथे मुकीम असतात, पण अशा लांबच्या सहलीसाठी शहराची हद्द ओलांडली की ते मुसाफिर होतात. हनफी मुसाफिराने जोहर, असर आणि इशाच्या चार फर्जांऐवजी दोनच पढायचे आहेत. प्रत्येक नमाज मात्र तिच्या वेळेत. बसच्या थांब्यांशी जुळवण्यासाठी जोहर तिच्या शेवटच्या वेळेत आणि असर तिच्या पहिल्या वेळेत पढली की एकाच थांब्यावर दोन्ही होतात. शाफई मंडळींना जोहर-असर आणि मगरिब-इशा एकत्र करण्याची सवलत आहे. पहिल्या नमाजच्या वेळेत दोन्ही पढायच्या असतील तर पहिली पढतानाच तशी नियत हवी, आणि दोन्हींच्या मध्ये फार खंड नको. फजर दोन आणि मगरिब तीन, यात काही कमी होत नाही. बारीकसारीक मसले निघण्यापूर्वी आपल्या आलिमांना विचारून घ्यावेत. बसमध्ये बसून वाद घालण्याचा तो विषय नाही.

वुजूसाठी एक जुनी सवलत या सहलीला नेमकी बसते. वुजू करून चामडी मोजे चढवले असतील तर मुसाफिराला तीन दिवस आणि तीन रात्री त्यांवर मसह करता येते. रस्त्यावरच्या प्रसाधनगृहात बेसिनमध्ये पाय उचलून धुताना ज्येष्ठांचा तोल जातो, शिवाय फरशी ओली होऊन इतरांची गैरसोय होते. मोजे घातले की दोन्ही टळते. बसमध्ये एक रिकामी पाण्याची बाटली जवळ ठेवावी, ती इस्तिंज्यासाठीही कामाला येते, कारण तिथे कागदाशिवाय काही मिळत नाही.

जागेची चिंता करू नये. उद्यानांत लोक आपापल्या नादात असतात. दोन अटी मात्र पाळाव्यात. एक, काठापासून लांब, कारण अनेक ठिकाणी कठडा नाही. दुसरी, वाट सोडून आत जाऊ नये. या वाळवंटात जमिनीवर काळसर, खडबडीत पापुद्रा दिसतो. तो मातीचा नाही. सूक्ष्म जिवाणू, शेवाळ आणि दगडफूल यांनी मिळून विणलेली ती जिवंत साय आहे. तीच वाळू धरून ठेवते. एका पावलाने ती मोडते आणि पूर्ववत व्हायला अनेक वर्षे लागतात. जानमाज अंथरायला बसच्या तळाची फरसबंदी उत्तम. ब्राइसला आम्ही तिथेच एका कोपऱ्यात उभे राहिलो. आमच्या बसमधील एक वृद्ध चिनी आजी काही न विचारता आमच्या पिशव्यांशेजारी येऊन बसल्या आणि सलाम फेरेपर्यंत हलल्या नाहीत. त्यांना ना आमची भाषा येत होती, ना आम्हाला त्यांची.

खाण्याची सोय

यातील बऱ्याच सहली अमेरिकेतील चिनी मंडळी चालवतात. गाइड इंग्रजीत सांगतो आणि तेच पुन्हा चिनी भाषेत. दुपारचे जेवण कधी बुफेत, कधी बर्गरच्या दुकानात. बुफेत डुकराचे मांस सर्रास असते आणि एकच चमचा चार भांड्यांत फिरतो. शाकाहारी म्हणून दिलेल्या राजम्यासारख्या मेक्सिकन पदार्थातही कधी डुकराची चरबी असते. त्यामुळे नुसते "मांस नको" म्हणून भागत नाही, चरबीबद्दलही विचारावे लागते. मासा, अंडी, फळे, दही, बटाटा, ब्रेड यांवर तीन दिवस आरामात निघतात. हलाल हॉटेले लास वेगासमध्ये मिळतात, पुढच्या छोट्या गावांत ती गृहीत धरू नयेत. आम्ही दशम्या, शेंगदाण्याची चटणी, चिवडा आणि खजूर नेले होते. मधुमेह असलेल्यांनी तर डबा जवळ ठेवावाच, कारण दोन थांब्यांत अडीच-तीन तासांचे अंतर पडते.

काय पाहायचे

आता मूळ मुद्दा. थोडे माहीत असले की तासाभरात जे दिसते, ते माहिती नसताना दिवसभर उभे राहूनही दिसत नाही.

झायनचे तांबूस-पांढरे कडे नीट पाहा. दगडावर तिरक्या रेषांचे पट्टे दिसतील. फार प्राचीन काळी इथे वाळवंट होते. वाऱ्याने रचलेल्या वाळूच्या टेकड्या एकावर एक साचून त्यांचा दगड झाला, आणि वारा कोणत्या बाजूने वाहत होता त्याची खूण त्या रेषांत राहिली. मग व्हर्जिन नावाच्या छोट्याशा नदीने तो दगड कापत दरी केली. खाली जाऊन ती नदी पाहिली तर विश्वास बसत नाही.

ब्राइस कॅनियन ही खरे तर दरीच नाही. पठाराच्या कडेला झिजून झालेले ते अर्धगोल आहेत आणि त्यांत हजारो केशरी सुळके उभे. त्यांना तिथे हूडू म्हणतात. हे काम बर्फाचे आहे. दिवसा वितळलेले पाणी फटीत शिरते, रात्री गोठून फुगते आणि दगड फोडते. वर्षातल्या बऱ्याच रात्री हे चालते. ही जागा २४०० मीटरहून उंच आहे. ऑक्टोबरमध्येही तिथे आम्हाला स्वेटर आणि कानटोपी लागली. दम्याच्या आणि हृदयाच्या रुग्णांनी आधी डॉक्टरांना विचारावे.

ग्रँड कॅनियनचे आकडे सांगून भागत नाही, तरी सांगतो. लांबी ४४६ किलोमीटर, रुंदी काही ठिकाणी २९ किलोमीटर, खोली दीड किलोमीटरहून जास्त. आपले कळसूबाई समुद्रसपाटीपासून जेवढे उंच, साधारण तेवढे खाली पाहायचे. काठाचा वरचा थर सुमारे २७ कोटी वर्षांचा, तळाचा काळा खडक १७० कोटी वर्षांहून जुना. तो कापणारी कोलोरॅडो नदी वरून दोऱ्यासारखी दिसते. बहुतेक प्रवासी पहिल्या कठड्याशी गर्दी करतात आणि फोटो झाले की दुकानात शिरतात. काठालगतच्या फरसबंद वाटेने पाच-दहा मिनिटे पुढे चालत गेलात की गर्दी ओसरते. तिथे बाक शोधून बसा. ढगांच्या सावल्या दरीतून सरकताना पाहा. सुब्हानल्लाह हा शब्द आपण दिवसात कितीदा उच्चारतो. तिथे तो मुद्दाम उच्चारावा लागत नाही.

अँटिलोप कॅनियन ही वाळूच्या दगडातील अरुंद घळ आहे. भिंती लाटांसारख्या वळलेल्या, आणि वरच्या फटीतून येणाऱ्या उजेडात केशरी, जांभळ्या दिसणाऱ्या. या लाटा कोणी कोरल्या? पुराच्या पाण्याने. ही गोष्ट फोटो काढताना विसरायची नाही. १२ ऑगस्ट १९९७ रोजी खालच्या घळीत ११ पर्यटक पुरात वाहून गेले. पाऊस घळीवर नव्हता, काही मैल दूर पडला होता. तिथून आलेला लोंढा घळीत शिरला. वाचला तो एक गाइड. त्यानंतर तिथे पक्के जिने आणि इशाऱ्याची व्यवस्था केली गेली. जुलै ते सप्टेंबर हा तिथल्या वादळी पावसाचा काळ असतो. आकाश निळे असतानाही गाइड घळ बंद म्हणाला, तर पैशासाठी हुज्जत घालू नये. उंट बांधून मग तवक्कुल करण्याची शिकवण आपल्याला आहेच. गुडघे दुखणाऱ्यांनी खालची घळ टाळावी, तिथे उभे लोखंडी जिने आहेत. वरच्या घळीत वाट सपाट वाळूची आहे, तरी परतीच्या वाटेवर पायऱ्या किती हे विचारून घ्यावे. आत पिशवी नेऊ देत नाहीत, म्हणून गोळ्या खिशात ठेवाव्यात.

ज्यांची ही जमीन, त्यांच्याकडेही पाहा

अँटिलोप कॅनियनमध्ये नावाहो गाइडशिवाय पाऊल टाकता येत नाही. ती जमीन त्यांच्या जमातीची आहे. आमच्या बसमधील कितीतरी जणांनी त्या गाइडला फक्त फोन धरायला दिला आणि फोटो काढून घेतले. त्याच्या लोकांची कहाणी कोणी विचारली नाही. १८६४ साली अमेरिकी लष्कराने हजारो नावाहो स्त्री-पुरुषांना, मुलांसह, त्यांच्या मुलखातून शेकडो मैल पायी हाकलत नेले. वाटेत आणि छावणीत असंख्य माणसे मेली. चार वर्षांनी, १८६८ च्या करारानंतर, उरलेले लोक परतले आणि पुन्हा उभे राहिले. ग्रँड कॅनियनच्या आत पिढ्यान्‌पिढ्या शेती करणाऱ्या हवासुपाई जमातीलाही तिथून बाजूला सारण्यात आले होते. त्यांच्या जमिनीचा मोठा भाग १९७५ च्या कायद्याने त्यांना परत मिळाला. दरीतील ज्या बागेला अनेक वर्षे "इंडियन गार्डन" म्हणत, तिचे नाव २०२२ मध्ये "हवासुपाई गार्डन्स" झाले.

आधीच्या लोकांचा शेवट पाहा, हे आपण वाचतो तेव्हा आपल्या डोळ्यांपुढे आद आणि समूद येतात. इथे गोष्ट वेगळी आहे. इथल्या लोकांवर अजाब आला नव्हता, त्यांच्यावर माणसांनी जुलूम केला होता. इबरत घ्यायची ती जुलूम करणाऱ्यांच्या वागण्यातून, आणि सबरीने परत उभे राहिलेल्यांच्या चिकाटीतूनही. म्हणून गाइडला सलामासारखेच दोन आदराचे शब्द बोला, त्याचे घर कुठे, आजी-आजोबा कुठले, हे विचारा. इंग्रजी मोडके असले तरी चालते. विकत घ्यायचेच असेल तर रस्त्याकडेला बसलेल्या नावाहो बायांकडून एखादा मण्यांचा दागिना घ्या. ते पैसे सरळ त्यांच्या घरी जातात.

जावे की नाही

चार तास सलग बसणे जमत असेल, अर्धा तास सावकाश चालता येत असेल आणि पहाटे उठायची सवय असेल, तर जावे. फजर पढणाऱ्याला सकाळी सहाची बस जड जात नाही. व्हीलचेअर लागत असेल तर कंपनीला आधी कळवावे. दक्षिण काठावरच्या बऱ्याच वाटा व्हीलचेअरला योग्य आहेत. एप्रिल-मे आणि सप्टेंबर-ऑक्टोबर हे महिने बरे. उन्हाळ्यात लास वेगास आणि पेजला ऊन असह्य होते, थंडीत ब्राइसला बर्फ.

मुलांसाठीही एक सूचना आहे. पैसे भरले, बसमध्ये बसवून दिले, म्हणजे हक अदा झाला असे समजू नका. जमले तर त्यांच्याबरोबर जा. नसेल जमत तर निघण्याआधी एक संध्याकाळ त्यांच्याजवळ बसा, नकाशा दाखवा, वेळापत्रक लिहून द्या, डबा भरा. आणि परत आल्यावर "कसे होते?" एवढे विचारून फोनकडे वळू नका. नातवंडांना समोर बसवून अम्मी-अब्बांना सगळे सांगू द्या.

मुसाफिराची दुआ कबूल होते, असे हदीसमध्ये आले आहे. तीन दिवस आपण तेच असतो. काठावर फोटो काढून झाला की हात उचलावेत आणि ज्यांनी आपल्याला तिथे पाठवले त्या लेकरांसाठी, तसेच ज्यांना हे कधी पाहता आले नाही त्या आपल्या आई-वडिलांसाठी दुआ करावी. तेवढा वेळ तासाभराच्या थांब्यातही मिळतो.